बरी आहे

जयसिंगपूरच्या आठव्या गल्लीत शेडबाळ्यांची पिठाची गिरणी आहे. तयार पिठाच्या पिशव्या घरपोच येऊ लागल्या तेव्हापासून गिरण्या बंद पडणार, असं जाणकार सांगत आले. जाणकार गेले, गिरणी राहिली. माणसं गिरणीत दळायला येतात हे अर्धंच खरं आहे. डबा ठेवायचा, चक्कीचा आवाज चढला की आपलाही चढवायचा आणि गल्लीतल्या सगळ्या घरांची चौकशी एका दळणात उरकायची, ही सोय पिशवीतल्या पिठाबरोबर येत नाही.

अलीकडे त्या चौकशीला एकच विषय होता.

"मिनू कशी हाय गं, ऋजुता?"

"बरी आहे, काकू."

विचारणाऱ्या प्रियांकाकाकू. प्रियांका नावाच्या बायका आता काकू झाल्यात, काही तर पणज्या व्हायच्या तयारीत आहेत. नाव तरुण राहतं, गुडघे राहत नाहीत. काकू रोज विचारायच्या आणि ऋजुता रोज तेच सांगायची. 'बरी आहे' हे उत्तर नव्हेच, ते झाकण आहे. आपल्याकडे ताप अंगात असलेला माणूस बरा असतो आणि दुकान बुडालेलाही बराच असतो. विचारणाऱ्यालाही त्याहून जास्त नको असतं. त्याने विचारलं, याने सांगितलं, दोघं एकमेकांच्या उपकारातून मोकळे.

मिनू, ऋजुताची लेक, शेजारीच बसलेली असायची, चाकांच्या खुर्चीत, पिठाची पांढरी लव अंगावर घेऊन. वय आठ. क्लासहून परतताना गल्लीच्या तोंडाशी सामान पोचवणारी एक बिनचालकाची गाडी मागे आली आणि तिने मिनूला पाडलं. लोक दगड घेऊन धावले आणि तसेच उभे राहिले, कारण मारायला ड्रायव्हरच नव्हता. गाडीनेच रुग्णवाहिका बोलावली, पोलिसांना कळवलं आणि विमा कंपनीला आपल्या बाजूची चित्रफीतही पाठवून दिली. सगळ्यात शहाणं त्या जागी कोण वागलं म्हणाल, तर गाडी.

मेंदूच्या डाव्या बाजूला मार बसला. उजवा हात गेला, उजवा पाय गेला, बोलणं गेलं. समज मात्र पुरी शिल्लक होती. ऐकू सगळं यायचं, कळायचं सगळं. हे लोक विसरत, कारण जो बोलत नाही त्याला ऐकूही येत नसावं, असा बोलणाऱ्यांचा समज असतो.

मग घरात पेटी आली.

पेटीमागची गोष्ट थोडी समजून घ्यायला हवी. पूर्वी अपघातात अधू झालेल्या मुलाला किती भरपाई द्यायची, यावर वर्षानुवर्षं वाद चालत. मोठ्या माणसाचा पगार तरी असतो; दुसरीतल्या पोरीचं काय बुडालं ते कुठल्या आकड्यात बसवायचं? विमा कंपन्या म्हणत, आईबाप वाढवून सांगतात. आईबाप म्हणत, डॉक्टर दहा मिनिटं बघतात आणि टक्केवारी लिहून मोकळे होतात. तेव्हा कायद्याने मधला मार्ग काढला: वर्षभर घरातच मोजायचं. पेटी घरातल्या वायफायच्याच जातीच्या रेडिओलहरी सोडते. त्या माणसाच्या अंगावर आपटून परततात. छाती श्वासाने वर आली, बोट वळलं, ओठ हलला, तरी परतणारी लहर किंचित बदलते आणि त्यावरून पेटीला हालचाल कळते, भिंतीपलीकडचीसुद्धा. कॅमेरा नाही, म्हणून घरची अब्रू शाबूत, असं पत्रकात छापलं होतं. शिवाय पेटी ऐकते. अनोळखी डॉक्टरपेक्षा घरच्यांचं सहज बोलणं खरं, असं गृहीत धरून ती त्यालाही वजन देते. पढवलेलं बोलणं ती आवाजावरून ओळखते आणि बाजूला काढते.

यातून दोन रेघा निघतात. पहिली, मूल आज कसं आहे याची. दुसरी, अपघात झाला नसता तर ते कसं झालं असतं याची. ती हजारो मुलांच्या वाढीवरून, शाळेच्या गुणांवरून, आईबापांवरून काढलेली. या 'आहे' आणि 'असती'मधलं अंतर म्हणजे तूट, आणि तुटीवर भरपाई.

मिनू मोठी होऊन बहुधा दातांच्या दवाखान्यात तंत्रज्ञ झाली असती, असं पेटीने सांगितलं तेव्हा तिचा बाप संकेत दोन दिवस ताठ चालत होता. आजी अश्विनीबाई तेवढ्या फणकारल्या. "तंत्रज्ञ का म्हणून? डॉक्टर का नाही? आमच्या पोरीच्या नशिबातबी कंपनीनं काटकसर केली होय?"

पेटी गिरणीच्या भिंतीवर, देवाच्या फोटोखाली बसवली. राहतं घर मागच्याच दोन खोल्यांत, त्यामुळे एका पेटीतच भागलं. तिच्यावर एक बारीक हिरवा दिवा सतत जळायचा. ती ऐकते आहे, याची खूण.

मिरजेहून दर मंगळवारी फरीदा मुल्ला यायच्या, वाचाउपचार करायला. एके मंगळवारी त्या आल्या तेव्हा प्रियांकाकाकूंचं दळण चालू होतं. काकूंनी विचारलं, ऋजुताने म्हटलं, "बरी आहे." आणि फरीदाबाईंनी हातातली पिशवी खाली ठेवली.

"ऋजुताताई, परत म्हणा."

"काय?"

"तेच. बरी आहे."

ऋजुता म्हणाली. खुर्चीतल्या मिनूचे ओठ मिटले, गाल फुगले आणि आतून एक फुटका आवाज आला. "ब्ब."

"ही तुमच्याबरोबर म्हणतीय," फरीदाबाई म्हणाल्या. "दिवसातनं किती वेळा ऐकते ती हे! तिला पाठ झालंय. कुणी तिची चौकशी केली की उत्तर तिलाच द्यायचं असतं."

आजी देवापुढे साखर ठेवायला धावल्या. फरीदाबाईंनी मात्र संकेत आणि ऋजुताला बाजूला घेऊन पट्टीची माहिती दिली. मिरजेत एका डॉक्टरांकडे ती आली होती. कपाळाभोवती बांधायची पट्टी. बोलायचं ठरलं की मेंदूतून हुकूम सुटतो. मिनूचा हुकूम वाटेत विरून जातो. पट्टी तो विरलेला हुकूम पकडते, मोठा करते आणि जबड्याखाली चिकटवलेल्या चकत्यांतून जिभेला, ओठांना पोचवते. हे पुन्हा पुन्हा झालं की मेंदू शेजारच्या शाबूत पेशींतून स्वतःची वाट पाडायला शिकतो. लहान वयात लवकर शिकतो, दोनतीन वर्षांनी शिकत नाही.

"पण एक लक्षात ठेवा," फरीदाबाई म्हणाल्या. "पट्टी म्हणजे गुणाकार आहे. पोरीनं एक टाकला तर त्याचे शंभर होतील. तिनं शून्य टाकलं, तर शून्यच."

पट्टीची किंमत ऐकून संकेतने गिरणीकडे पाहिलं. गिरणी, मागचं घर आणि घरातली माणसं विकली असती तरी पुरलं नसतं. पूर्ण भरपाई मिळाली तर मात्र पुरत होतं. तेव्हापासून त्या घरात भरपाई या शब्दाचा अर्थ पट्टी असा झाला आणि पट्टीचा अर्थ मिनूचं बोलणं.

सहा महिने झाले तेव्हा पेटीचा अर्धवार्षिक अहवाल आला. तो घेऊन जिनदत्त मगदूम वकील स्वतः गिरणीत आले. माणूस चांगला, पण वाईट बातमी सांगण्यापूर्वी चहा संपवायची सवय. बशी खाली ठेवून त्यांनी विचारलं,

"वहिनी, मिनू कशी आहे?"

"बरी आहे."

"हेच!" मगदूम म्हणाले. "हेच तुम्ही सहा महिने पेटीला सांगताय. दिवसातनं पंचवीसदा. पेटी मराठी कशावर शिकली? दवाखान्याच्या कागदांवर. तिथं 'रुग्ण बरा' म्हणजे गेला घरी, विषय मिटला. तुमची मिनू त्यांच्या हिशेबात निम्मी बरी झालीय. तूट घसरली."

संकेत उठून उभा राहिला. "अहो, पण ती आपली बोलायची पद्धत..."

"मला कळतं. तिला कळत नाही." मगदूमांनी पुढचा कागद काढला. "हे अजून ऐका. 'घरात वारंवार वाढीचा उल्लेख. बांगड्यांत वाढ. मंगळसूत्रात वाढ. दिव्यात वाढ.' हे कोण बोललं?"

सगळ्यांनी आजीकडे पाहिलं. अश्विनीबाईंच्या तोंडून उभ्या जन्मात 'फुटलं' आणि 'तुटलं' निघालेलं नव्हतं. बांगडी वाढते, मंगळसूत्र वाढतं, विझवायचा दिवाही वाढवायचाच असतो.

"अपघातात पोरीच्या हातातल्या बांगड्या वाढल्या, एवढंच मी म्हटलं," आजी म्हणाल्या. "फुटल्या कशी म्हणू? लेकराच्या अंगावरच्या होत्या."

"कंपनी म्हणते, घरात सोनंनाणं वाढतंय."

मगदूम हरकत घेणार होतेच. पण एका शब्दावरून पेटीचं गणित मोडायला न्यायाधिकरण तयार व्हायचं नाही, हेही ते जाणून होते. उपाय सोपा होता. उरलेले महिने घरात जे खरं आहे तेच बोलायचं. "मी खोटं बोलायला सांगत नाही, वहिनी. खोटं पेटी पकडते. जे खरं, ते झाकू नका, बस."

वकिलाने फक्त खरं बोलायला सांगितलं, अशी ही बहुधा जिल्ह्यातली पहिली केस.

दुसऱ्या दिवशी प्रियांकाकाकूंनी डबा ठेवला आणि विचारलं. ऋजुताने चक्कीत गहू ओतता ओतता, खुर्चीकडे न बघता सांगितलं,

"हात गेलाय, काकू. बोलणं नाही. एकटी जेवू शकत नाही."

काकूंचा चेहरा उतरला. असं कुणी उत्तर देतं का? पण संकेतने गल्लीत कारण समजावलं आणि गल्ली पाठीशी उभी राहिली. एवढी उभी राहिली की पेटीखाली रांग लागायची. "अजून बोलत न्हाई व्हय गं?" "उभीबी ऱ्हात न्हाई?" माणसं येताना तोंडं पाडून यायची, पेटीला ऐकू जाईल असं हळहळायची, आणि बाहेर पडताना संकेतला डोळा मारून जायची. ही मदत पढवलेली म्हणून पेटीने काढून टाकली. ऋजुताचं बोलणं मात्र तिने ठेवलं, कारण ते खरं होतं आणि म्हणताना दर वेळी तिचा आवाज कापायचा.

आजींनाही शिकवलं. "बांगड्या... फुटल्या," त्या एकदा म्हणाल्या, आणि तोंडावर पदर धरून आत गेल्या.

राहिली मिनू. तिला कोण समजावणार? आईने 'बरी' म्हणणं सोडलं होतं, पण मिनूने सोडलं नव्हतं. कुणी विचारलं की तिचे ओठ मिटायचे, गाल फुगायचे. "ब्ब." आणि आईकडे बघायची, पुढचं तू म्हण, अशी. आई पुढे म्हणायची, "बोलणं नाही."

एका दुपारी संकेत खुर्चीपुढे उकिडवा बसला. त्याने आपलं बोट आपल्या ओठांवर ठेवलं, मग पेटीच्या हिरव्या दिव्याकडे दाखवलं.

"मिनूबाळ, हा दिवा दिसतोय ना? हा जळतोय तोवर ब म्हणायचं नाही हं. थोडेच दिवस. मग तुला बोलायची पट्टी आणायची आहे. आणायची ना?"

मिनूने मान डोलावली. ऋजुता मागे डब्यांना नावांच्या चिठ्ठ्या लावत होती. तिने ऐकलं. तिच्या हातातली चिठ्ठी कुणाच्या तरी भलत्याच डब्याला लागली, आणि ती पुढच्या डब्याकडे वळली.

मिनू शहाणी पोरगी. एकदा सांगितलेलं तिला दुसऱ्यांदा सांगावं लागलं नाही.

पुढच्याच मंगळवारी फरीदाबाईंनी विचारलं, "ब कुठं गेला?"

फरीदाबाईंनी भिंतीवरच्या पेटीकडे पाहिलं, मग संकेतकडे. त्यांना वेळ लागला नाही.

"हे आज थांबवा," त्या म्हणाल्या. "पायवाट कशी असते? चाललं नाही तर गवत उगवतं. हिच्या मेंदूत आत्ता कुठं एक वाट पडत होती. तिच्यावर चालू नको, असं तुम्ही तिला सांगितलंय."

त्या गेल्यावर नवराबायकोचं वाजलं. आत्तींसमोर, म्हणजे सासूसमोर, ऋजुता नवऱ्याला 'अहो' म्हणायची. त्या दिवशी आत्ती समोर असून 'अरे' निघालं.

"अरे, तू तिला गप्प बसायला सांगितलंस!"

"आणि तू काय सांगत होतीस? दिवसातनं पंचवीस वेळा, तिच्या तोंडावर?"

"मी खरं सांगत होते."

"मग मीबी खोटं कुठं बोलायला सांगितलं? गप्प बस म्हटलं." संकेतचा आवाज खाली आला. "आता थांबवलं तर पट्टी नाही. पट्टी नाही तर तिच्या त्या 'ब'चं पुढं काय व्हणार, सांग तू. जन्मभर नुसता ब?"

ऋजुता चक्कीला टेकली. थांबवायचं तर तिने 'बरी' एवढा एक शब्द म्हणायचा होता आणि तो तिला चांगला येत होता. शेवटी ती म्हणाली, "दोनच महिने राहिलेत. पट्टी आली की सगळं भरून काढू."

पेटीच्या हिशेबात 'आहे'ची रेघ खाली खाली जात राहिली. तूट वाढली, आणि या खेपेला वाढली म्हणजे खरंच वाढली.

निकाल लागला. पूर्ण भरपाई. मगदूम पेढे घेऊन आले. चहा बातमीनंतर प्यायले. 'घरच्यांची साक्ष संयत आणि विश्वासार्ह' असं निकालपत्रात म्हटलं होतं, ते त्यांनी दोनदा वाचून दाखवलं. कंपनीचा माणूस येऊन पेटी काढून घेऊन गेला. भिंतीवर तेवढाच चौकोन स्वच्छ राहिला, बाकी सगळीकडे पीठ.

महिन्याभरात पट्टी आली. मिरजेच्या डॉक्टरांनी ती मिनूच्या कपाळाभोवती बांधली, जबड्याखाली चकत्या चिकटवल्या, समोर आरसा ठेवला म्हणजे तिला आपले ओठ दिसावेत. पट्टी चालू झाली आणि कपाळाच्या मधोमध एक बारीक हिरवा दिवा लागला.

"मिनू, ब म्हण," डॉक्टर म्हणाले.

मिनू आरशात बघत राहिली.

"फक्त मनात आण. बाकीचं पट्टी करेल."

पडद्यावर रेघ सरळ. डॉक्टरांनी चकत्या बदलून पाहिल्या, तारा तपासल्या, दुसरी पट्टी लावून पाहिली. तिचाही दिवा लागला. रेघ सरळच.

"यंत्र ठीक आहे," डॉक्टर शेवटी म्हणाले. "प्रयत्नच होत नाहीये. पूर्वी करायची म्हणता?"

"करायची," फरीदाबाई म्हणाल्या आणि खिडकीबाहेर बघू लागल्या.

डॉक्टरांनी पट्टी घरी न्यायला सांगितली. दिवसभर बांधून ठेवा, घरच्या वातावरणात कदाचित होईल. घरच्या वातावरणाबद्दल डॉक्टरांना माहिती नव्हती.

आठवडा गेला. संकेतच्या फोनवर पट्टीची रेघ दिसायची. तो ती दळण थांबवून बघायचा आणि फोन खिशात टाकायचा. मिनूपुढे बसून तो पुन्हा पुन्हा सांगायचा, "आता बोल बाळा, आता चालतंय." मिनू त्याच्या तोंडाकडे बघायची, मग नजर वर, आपल्याच कपाळाच्या दिशेने न्यायची. तिथलं आपलं आपल्याला दिसत नाही. पण दिवा जळतोय हे तिने आरशात पाहिलेलं होतं.

शनिवारी प्रियांकाकाकू डबा घेऊन आल्या. खटला संपला होता, भिंत मोकळी होती, म्हणून काकूंनी पहिल्यासारखं विचारलं, मोकळ्या गळ्याने,

"मिनू कशी हाय गं आता?"

ऋजुताने चक्की बंद केली. गिरणीत एवढी शांतता कुणी ऐकली नव्हती. ती खुर्चीपाशी गेली, मिनूच्या समोर बसली, तिचे ओठ मिनूच्या डोळ्यांसमोर येतील अशी. जुना शब्द, पहिल्यासारखाच म्हणायचा होता. इतके महिने न वापरलेला तो तिला आता जड गेला.

"मिनू," ती काकूंना नव्हे, पोरीलाच म्हणाली, "ब..."

मिनूचा डावा हात वर आला. शाबूत होता तो हात. पीठ लागलेला तो लहानसा पंजा तिने आईच्या ओठांवर ठेवला आणि घट्ट दाबला. मग मान किंचित हलवली. नको.

तिच्या कपाळावर हिरवा दिवा जळत होता.